पार्श्वसंगीतकार नेमकं काय करतात आणि त्यांचे पैसे येतात कुठून?

सिनेमा संपतो, नावं वर सरकू लागतात आणि एक गोष्ट खटकते. 'संगीत' या शब्दापुढे एक नाव असतं आणि 'पार्श्वसंगीत' या शब्दापुढे दुसरंच. कधी गाण्यांपुढे चार-चार नावं असतात आणि पार्श्वसंगीतापुढे एकच. मालिकेचं शीर्षकगीत एकाचं असतं, भागांमधलं संगीत भलत्याचंच. ओटीटीवर तर नावं वाचायचीही सोय नाही, ती जेमतेम दिसू लागतात तोच पुढचा भाग सुरू होतो. मग या सिनेमाचं संगीत केलं कुणी म्हणायचं?

पार्श्वसंगीतकारांचा बातम्यांत उल्लेख होतो तो बहुधा पुरस्कारांमुळे, रॉयल्टीच्या वादांमुळे किंवा हल्ली कृत्रिम बुद्धिमत्तेमुळे. या बातम्यांचा अर्थ लागायचा तर आधी हे काम चालतं कसं ते कळायला हवं. आणि त्याची गुरुकिल्ली एकच आहे: सिनेमाच्या साखळीत पार्श्वसंगीतकाराचा नंबर जवळजवळ शेवटचा लागतो. त्याच्या अडचणी, त्याचं मानधन, त्याचे करार या सगळ्यांवर त्या शेवटच्या नंबराचा छाप आहे.

गाण्यांचा संगीतकारच बाकीचं संगीत करतो ना?

पूर्वी बहुधा करायचा, निदान नाव तरी त्याचंच असायचं. आपल्याकडे संगीतकार म्हटलं की गाण्यांना चाली लावणारा माणूसच डोळ्यांसमोर येतो. पण ही दोन कामं उलट्या दिशांनी चालतात. गाणं आधी तयार होतं. चाल, शब्द, रेकॉर्डिंग सगळं उरकतं, मग त्यावर नट ओठ हलवतात आणि संकलक ठेक्यावर दृश्यं कापतो. तिथे वेळ गाण्याच्या ताब्यात असतो. पार्श्वसंगीतात तो चित्राच्या ताब्यात जातो. दृश्य चित्रित होऊन, कापून-जोडून तयार असतं. नायिका दारात दोन सेकंद जास्त थांबली असेल तर संगीतालाही तिच्याबरोबर थांबावं लागतं.

ऑस्करमध्ये हा फरक फार जुना आहे. ए. आर. रहमान यांना २००९ साली दोन ऑस्कर मिळाली, त्यातलं एक पार्श्वसंगीताचं होतं आणि दुसरं गाण्याचं. आपल्याकडे २००९ सालच्या चित्रपटांसाठी जे राष्ट्रीय पुरस्कार दिले गेले, त्यांत गाण्यांचा पुरस्कार अमित त्रिवेदींना आणि पार्श्वसंगीताचा इळैयाराजांना मिळाला. एकाच सन्मानात दोन कसब गुंडाळण्याची पद्धत तिथे पाळली गेली नाही, हे फार चांगलं झालं.

या कामाचा इतिहास सिनेमाइतकाच जुना आहे. मूकपटांच्या काळात पडद्याशेजारी पियानोवादक बसायचा. १९०८ साली कामीय साँ-साँस या नामवंत फ्रेंच संगीतकाराने एका मूकपटासाठी खास संगीत लिहिलं. पुढे बोलपट आले आणि गंमत म्हणजे सुरुवातीची काही वर्षं निर्माते पार्श्वसंगीताला बिचकत होते. पडद्यावर वाद्यवृंद दिसत नाही, मग हे सूर येतात कुठून, असं प्रेक्षक विचारतील ही त्यांची धास्ती. १९३३ साली मॅक्स स्टायनरने 'किंग काँग'साठी भरभरून संगीत दिलं आणि असा प्रश्न कुणालाही पडला नाही. तरी शंका पूर्ण मिटली नव्हती. १९४४ सालच्या 'लाइफबोट'च्या वेळी दिग्दर्शक हिचकॉकने म्हणे विचारलं, भर समुद्रात संगीत कुठून येणार? त्यावर डेव्हिड रॅक्सिन या संगीतकाराने उलट विचारलं, तिथे कॅमेरा कुठून आला ते सांगा, मग संगीताचं मी सांगतो. किस्सा पिढ्यान् पिढ्या सांगितला जातो आणि त्यातलं उत्तर आजही बिनतोड आहे.

संगीत काढून टाकलं तर काय बिघडेल?

सत्यजित राय यांच्या 'पथेर पांचाली'तला (१९५५) एक प्रसंग घ्या. हरिहर बऱ्याच दिवसांनी घरी परततो. मुलगी दुर्गा वारल्याचं त्याला माहीत नाही. तो एकेक वस्तू काढून दाखवतो, दुर्गासाठी आणलेली साडी बायकोच्या, सर्वजयेच्या हातात देतो आणि ती कोसळते. तिचं तोंड उघडतं, पण रडण्याचा आवाज आपल्याला ऐकू येत नाही. त्या जागी तारशहनाई (गजाने वाजवायचं तंतुवाद्य) उठते, वरच्या सुरांत, पटदीप रागात. आईचा आक्रोश वाद्याकडे सोपवलेला आहे.

या ठिकाणी संगीत बंद केलं तर उरेल ती नुसती तोंड उघडून बसलेली एक बाई. म्हणजे इथे दृश्याचा अर्थच संगीताने पूर्ण केला आहे. रविशंकरांनी या चित्रपटाचं संगीत एकाच बैठकीत, सुमारे अकरा तासांत ध्वनिमुद्रित केलं होतं, तेही अर्धाअधिक सिनेमाच पाहून. सत्यजित राय यांनी १९६१च्या 'तीन कन्या'पासून स्वतःच्या चित्रपटांना स्वतःच संगीत द्यायला सुरुवात केली, यावरूनही दिग्दर्शकाला हे अंग किती जवळचं वाटू शकतं ते कळतं.

'चांगलं पार्श्वसंगीत लक्षातच येत नाही' असं एक वाक्य सर्रास ऐकू येतं. मला ते अर्धंच पटतं. संवादांखाली सरकणारं संगीत लक्षात येऊ नये हे खरं, नाहीतर कान संवाद सोडून त्याच्यामागे जातात. पण ती तारशहनाई लक्षात येते आणि यायलाच हवी. कुठे लपायचं, कुठे पुढे यायचं आणि कुठे तोंडही उघडायचं नाही, हा निर्णय घेण्यातच या कामाचं अर्धं कौशल्य आहे. शिकाऊ माणसाचं काम ओळखू येतं ते याच ठिकाणी, तो एकही जागा रिकामी सोडत नाही.

काम सुरू होतं सगळ्यांच्या शेवटी

पटकथा लिहून होते, चित्रीकरण होतं, संकलन होतं. संकलनात यापुढे बदल नाही असं ठरलं की त्याला 'लॉक' म्हणतात. मग दिग्दर्शक, संकलक आणि संगीतकार एकत्र बसून सिनेमा पाहतात, थांबवतात, पुन्हा पाहतात आणि संगीत कुठे सुरू होईल, कुठे संपेल, कशासाठी असेल ते ठरवतात. या बैठकीला 'स्पॉटिंग' म्हणतात. ठरलेल्या प्रत्येक तुकड्याला 'क्यू' म्हणतात. त्यांना जुन्या पद्धतीने क्रमांक असतात. '३एम२' म्हणजे तिसऱ्या रिळातला दुसरा तुकडा, मधला 'एम' म्युझिकचा. रिळं इतिहासजमा झाली, क्रमांक मात्र टिकून आहेत.

यावेळेपर्यंत प्रदर्शनाची तारीख जाहीर झालेली असते. चित्रीकरण लांबलं, संकलनाला उशीर झाला, पैसे अंदाजापेक्षा जास्त गेले की या सगळ्याची भरपाई राहिलेल्या कामांच्या वाट्यातून होते. राहिलेलं काम म्हणजे संगीत आणि ध्वनी. तासाभराचं संगीत लिहायला, वाजवून घ्यायला आणि मिश्रण करायला महिना-दीड महिना मिळाला तरी बरं, अशी स्थिती असते.

शेवटी येण्याचा आणखी एक तोटा आहे. संकलक कोऱ्या दृश्यांवर काम करत नाही. अंदाज यावा म्हणून तो दुसऱ्या सिनेमांचं किंवा जुन्या रचनाकारांचं संगीत तात्पुरतं लावतो. याला 'टेम्प' म्हणतात. दिग्दर्शक तीन-चार महिने तेच ऐकत असतो आणि त्याच्या नकळत त्या सुरांच्या प्रेमात पडतो. मग नवा संगीतकार काहीही घेऊन आला तरी ते 'काहीतरी चुकतंय' असंच वाटतं. याची सगळ्यात कडवट कहाणी '२००१: अ स्पेस ओडिसी'ची (१९६८). अ‍ॅलेक्स नॉर्थ या अनुभवी संगीतकाराने तिच्यासाठी संगीत लिहून ध्वनिमुद्रित केलं. दिग्दर्शक कुब्रिकने अखेर जुन्या अभिजात रचनाच कायम ठेवल्या आणि आपलं संगीत वापरलेलं नाही हे नॉर्थला कळलं ते चित्रपटाच्या खास खेळाला बसल्यावर. सिनेमा अजरामर झाला, ती निवड कलेच्या दृष्टीने योग्यच ठरली असं म्हणणारे पुष्कळ आहेत. पण एका माणसाला ही गोष्ट अंधारात, प्रेक्षकांत बसून कळावी, याचं समर्थन कशानेही होत नाही.

क्रम उलटा केला तर काय होतं याचं एक अलीकडचं उदाहरण आहे. 'जोकर'साठी (२०१९) आइसलंडच्या हिल्दुर गुडनाडोत्तिर यांनी पटकथा वाचून चित्रीकरणाआधीच काही संगीत तयार केलं आणि ते सेटवर वाजवलं गेलं. नट त्या संगीतावर हालला. त्यांना त्या कामासाठी ऑस्कर मिळालं. असं भाग्य फार थोड्यांना लाभतं.

एका दाराचं गणित

आता प्रत्यक्ष काम जवळून पाहू. समजा एक क्यू १ मिनिट २० सेकंदांचा, म्हणजे ८० सेकंदांचा आहे. बाई जिना चढते, बोळातून चालत जाते आणि ४१.२५व्या सेकंदाला दार उघडतं. दार उघडण्याचा क्षण संगीतात ठळक व्हायला हवा, म्हणजे तो समेवर, आवर्तनाच्या पहिल्या मात्रेवर पडायला हवा.

संगीतकाराने लय धरली मिनिटाला ९६ मात्रांची. मग एक मात्रा ०.६२५ सेकंदाची झाली. ८० सेकंदांत बरोबर १२८ मात्रा बसतात, म्हणजे चार-चार मात्रांची ३२ आवर्तनं. कागदावर सगळं देखणं. पण दारापर्यंत मात्रा होतात ६६. सोळा आवर्तनं ६४ मात्रांत संपली, सतरावं सुरू झालं आणि दार उघडलं त्याच्या तिसऱ्या मात्रेवर. सम दोन मात्रा आधीच येऊन गेली.

मग करायचं काय? एक वाट म्हणजे लय किंचित कमी करून मिनिटाला सुमारे ९३.०९ मात्रांवर आणायची, म्हणजे ४१.२५ सेकंदांत बरोबर ६४ मात्रा बसतील. पण मग पुढच्या भागाचा हिशेब नव्याने मांडावा लागतो. दुसरी वाट म्हणजे दाराच्या आधी दोनच मात्रांचं एक आखूड आवर्तन घालायचं. ऐकणाऱ्याला क्षणभर पाऊल चुकल्यासारखं वाटतं आणि दाराआधीच्या ताणाला ते पोषकच ठरतं. तिसरी वाट मोठ्या धीराची आहे: दाराला सुरांनी स्पर्शच करायचा नाही. दार उघडू द्यायचं, बाईच्या चेहऱ्यावर काय उमटतं ते दिसू द्यायचं आणि मग सूर बदलायचे. दार ही घटना आहे, चेहरा ही गोष्ट आहे. अनुभवी माणूस बरेचदा ही तिसरी वाट धरतो.

एवढं होतं न होतं तोच संकलकाचा फोन येतो की बोळातलं चालणं बारा फ्रेमनी कमी केलंय. सिनेमात सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे अर्धा सेकंद गेला. दार आता ४०.७५व्या सेकंदाला. लॉक झालेला सिनेमा खरोखर लॉक असतो असं या धंद्यात कुणीही मानत नाही. सगळं गणित पुन्हा मांडायचं, तेही पुढच्या प्रत्येक क्यूसाठी.

पूर्वी हे गणित कोष्टकं बघून व्हायचं. फिल्मच्या ध्वनिपट्टीला ठरावीक अंतरावर भोकं पाडायचे, त्यांचा टिक-टिक आवाज वादकांना हेडफोनमधून ऐकू यायचा. मिनिटाला १२० मात्रा हव्या असतील तर दर बारा फ्रेमला एक भोक. आज हा 'क्लिक' संगणक देतो आणि लय बदलली की मात्रांच्या जागा आपोआप सरकतात. आकडेमोड संपली, पण तीन वाटांपैकी कुठली धरायची हे संगणक सांगत नाही.

हे सगळं एकटा माणूस करतो?

छोट्या कामात हो. मोठ्या कामात संगीतकाराभोवती एक फळीच असते. संगीतकार आधी संगणकावरच्या वाद्यांच्या आवाजांतून कच्चा नमुना बनवतो, दिग्दर्शक तो मंजूर करतो. त्यानंतर ऑर्केस्ट्रेटर कुठला सूर कोणत्या वाद्याला द्यायचा ते तपशिलात लिहितो, लेखनिक प्रत्येक वादकाची वेगळी प्रत काढतो, संगीत संकलक क्यूंच्या वेळा सांभाळतो. मग वादक, रेकॉर्डिस्ट, मिश्रण करणारा. हिंदी सिनेमाच्या सुवर्णकाळात या फळीचा कणा होते अरेंजर. शंकर-जयकिशन आणि ओ. पी. नय्यर यांच्याबरोबर काम केलेले सेबास्टियन डिसोझा हे त्यांतलं मोठं नाव. पडद्यावर अशा माणसांची नावं कधी यायची, कधी नाही. त्यांच्या हातचं काम आज आपण 'त्या काळचा आवाज' म्हणून ओळखतो, तेव्हा हे विसरणं अन्यायाचं आहे.

तयार संगीत एकगठ्ठा दिलं जात नाही. तंतुवाद्यं वेगळी, तालवाद्यं वेगळी, एकल वाद्य वेगळं अशा थरांत देतात, म्हणजे शेवटच्या मिश्रणात संवाद बुडत असेल तर फक्त ढोल खाली आणता येतो. संगीत संवादांपासून सुटं ठेवलेलं असल्यामुळेच एखादी परदेशी मालिका मराठीत डब झाली तरी तिचं संगीत जसंच्या तसं राहतं.

टीव्हीचं तंत्र वेगळं

टीव्हीवर वेळ आणखी आटतो. आठवड्याला एक भाग असेल तर त्याचं सगळं संगीत आठवड्यातच हवं. रोजच्या मालिकेत प्रत्येक दृश्यासाठी नवं लिहिणं शक्यच नसतं, म्हणून संगीतकार सुरुवातीला एक साठा करून देतो: पात्रांच्या धून, ताण, दुःख, आनंद, संशय, आणि प्रत्येकाची लहान-मोठी, भरगच्च-विरळ रूपं. पुढे तेच तुकडे दृश्यांवर बसवले जातात. तीच धून रोज ऐकू येते म्हणून प्रेक्षक वैतागतो, पण त्यामागे आळस नसून वेळापत्रक असतं.

उलट टीव्हीवर छोट्याशा तुकड्याला प्रचंड आयुष्य लाभतं. 'लॉ अँड ऑर्डर' या अमेरिकी मालिकेत दृश्य बदलताना येणारा दोन ठोक्यांचा आवाज माइक पोस्ट यांनी तयार केला. मालिकेची सुरुवात १९९० सालची आणि तो आवाज आजही तिची ओळख आहे. शीर्षकसंगीताला मात्र आता वेगळं संकट आहे. नेटफ्लिक्सने २०१७ साली शीर्षक ओलांडून पुढे जाण्याचं बटण आणलं, तेव्हापासून मालिकेच्या नव्वद सेकंदांच्या सुरावटीला पहिल्या दोन-तीन सेकंदांतच प्रेक्षकाला धरून ठेवावं लागतं.

या धंद्यात शिरतात कुठून?

ठरलेला रस्ता नाही, पण एक खूण बहुतेकांच्या वाटेवर दिसते: आधी दुसऱ्याच्या कामात बरीच वर्षं. जॉन विल्यम्स हे आज सिनेसंगीतातलं सर्वांत मोठं नाव असेल. ते आधी स्टुडिओत इतर संगीतकारांच्या हाताखाली पियानो वाजवायचे, मग टीव्ही मालिकांना संगीत देऊ लागले, आणि त्यानंतर मोठे सिनेमे. वनराज भाटियांची वाट निराळी. लंडनच्या रॉयल अ‍ॅकॅडमी ऑफ म्युझिकमध्ये शिक्षण, पॅरिसमध्ये नादिया बुलांजे यांच्यासारख्या थोर गुरूकडे धडे, आणि परत आल्यावर जाहिरातींच्या हजारो जिंगल्स. श्याम बेनेगलांच्या 'अंकुर'पासून (१९७४) सिनेमा सुरू झाला, पुढे टीव्हीवर 'भारत एक खोज' आणि 'तमस'. 'तमस'च्या संगीताला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

जिंगल हे लहान काम समजलं जातं. पण तीस सेकंदांत मनःस्थिती उभी करायची, ती बदलायची आणि ठरलेल्या फ्रेमवर संपवायची, याहून चांगली तालीम पार्श्वसंगीताला दुसरी नाही.

स्त्रियांना ही वाट बराच काळ बंदच होती. पार्श्वसंगीताचं ऑस्कर एका स्त्री संगीतकाराला पहिल्यांदा मिळालं ते १९९७ साली, रेचल पोर्टमन यांना. कारण सरळ आहे. कामं ओळखीतून मिळतात, दिग्दर्शक आपल्या जुन्या संगीतकाराकडेच जातो आणि सहायक म्हणून स्टुडिओत कुणाला घ्यायचं हेही आत असलेलेच ठरवतात.

पैसे: एकदाच की पुन्हा पुन्हा?

उत्पन्नाचे दोन झरे असतात. पहिला, काम करण्याचं मानधन. हल्ली ते बरेचदा 'पॅकेज' म्हणून देतात. एक ठोक रक्कम, तिच्यातूनच वादक, स्टुडिओ, रेकॉर्डिस्ट, मिश्रण सगळं भागवायचं आणि उरेल ते संगीतकाराचं. वरून रक्कम मोठी दिसते. दिग्दर्शकाने तीनदा बदल सांगितले की ती वितळते. खरी वाद्यं कमी होऊन संगणकी आवाज वाढले, यामागे आवडीनिवडीपेक्षा या पॅकेजचा हात मोठा आहे.

दुसरा झरा रॉयल्टीचा. संगीत टीव्हीवर वाजलं, प्रवाहित झालं, कुठे जाहीरपणे ऐकवलं गेलं की त्याचं शुल्क जमा होतं आणि रचनाकारांच्या संस्थेमार्फत वाटलं जातं. अमेरिकेत १९१४ साली स्थापन झालेली अ‍ॅस्कॅप, भारतात १९६९ साली स्थापन झालेली आयपीआरएस या अशा संस्था.

संस्थेला कळतं कसं की कुणाचं किती वाजलं? एका साध्या तक्त्यावरून. त्याला 'क्यू शीट' म्हणतात. प्रत्येक ओळीत क्यूचं नाव, रचनाकार, प्रकाशक, त्यांचे टक्के, वापराचा प्रकार (पार्श्वभूमीला, पडद्यावर गाताना, शीर्षकाला) आणि मिनिट-सेकंदांत लांबी. या तक्त्यात नाव चुकलं किंवा तक्ता भरून पाठवलाच नाही, तर संगीत जगभर वाजत राहतं आणि पैसे रचनाकारापर्यंत पोहोचत नाहीत. इतक्या मोठ्या व्यवसायातला इतका निर्णायक कागद सहसा कार्यालयातल्या सगळ्यात कनिष्ठ माणसाकडे दिलेला असतो.

भारतात २०१२ सालच्या कॉपीराइट कायद्यातील दुरुस्तीने गीतकार आणि संगीतकारांना मोठा आधार दिला. सिनेमात वापरलेल्या रचनेची चित्रपटगृहाबाहेर जी रॉयल्टी मिळेल, तिच्यात त्यांचा समान वाटा, आणि तो हक्क करारात सोडून दिला असं लिहून घेतलं तरी ते कायद्याने रद्द. वारसांना किंवा रचनाकारांच्या संस्थेलाच तो देता येतो. यासाठी राज्यसभेत जावेद अख्तर यांनी जोर लावला होता. चित्रपटगृहातल्या खेळांसाठी मात्र हा वाटा नाही. अमेरिकेतही १९४८च्या एका न्यायालयीन निकालापासून चित्रपटगृहं संगीतकारांना अशी रॉयल्टी देत नाहीत. युरोपातल्या अनेक देशांत ती दिली जाते. म्हणजे तोच सिनेमा पॅरिसमध्ये भरला तर संगीतकाराला काही मिळतं, न्यूयॉर्कमध्ये भरला तर नाही.

एकदा मानधन घेतलं ना, मग पुन्हा कशाला?

हा आक्षेप हमखास येतो आणि तो सरळ मनाने घेतलेला असतो. सुतार कपाट बनवतो, पैसे घेतो, कपाट उघडल्यावर दर वेळी त्याला कुणी काही देत नाही. मग संगीतकारालाच का?

याचं उत्तर घरात सापडतं. घर विकायचं असेल तर पूर्ण किंमत घ्यावी. भाड्याने द्यायचं असेल तर आगाऊ रक्कम थोडी चालते, कारण पुढे दरमहा भाडं येणार असतं. संगीतकाराचं मानधन परंपरेने त्या थोड्या आगाऊ रकमेसारखं ठरत आलं आहे. निर्मात्यालाही ते परवडायचं, कारण सिनेमा आपटला तर त्याचा खर्च कमी, चालला तर रॉयल्टी वाजवणारे देणार. 'बायआउट' करार म्हणजे रक्कम आगाऊची द्यायची आणि घर मात्र कायमचं नावावर करून घ्यायचं.

हे भय काल्पनिक नाही. २०१९च्या अखेरीस डिस्कव्हरी समूहाने आपल्या अमेरिकी वाहिन्यांवरच्या संगीतासाठी रचनाकारांनी रॉयल्टी सोडावी असा आग्रह धरला, तोही आधीच्या कामांसकट. संगीतकार एकवटले, गदारोळ झाला आणि समूहाला माघार घ्यावी लागली. मोठ्या नावांच्या पाठबळाने हे थांबलं. रोज दुय्यम-तिय्यम निर्मात्यांकडून असे करार पुढे येतात, तेव्हा एकट्या नवख्या माणसामागे असं कुणी नसतं.

रॉयल्टीची कल्पना जन्मली तीही एका हट्टातून. १८४७ साली पॅरिसच्या एका कॅफेत अर्नेस्त बुर्जे हे गीतकार मित्रांबरोबर बसले होते. तिथे त्यांचीच गाणी चालली होती. बिल आलं तेव्हा त्यांनी ते द्यायला नकार दिला: तुम्ही माझं फुकट वापरता, मग मी तुमचं फुकट पितो. प्रकरण न्यायालयात गेलं, कॅफेवाला हरला आणि त्यातून १८५१ साली सासेम ही रचनाकारांची संस्था उभी राहिली. ती आजही काम करते.

भाटिया २०२१ साली गेले. त्याआधी दोन वर्षं त्यांच्या आर्थिक हलाखीच्या बातम्या वर्तमानपत्रांत येत होत्या. इतकी वर्षं ज्यांचे सूर घराघरांत वाजले, त्यांच्यावर ही वेळ आली. पुन्हा कशाला, असं विचारणाऱ्यांनी ती बातमी आठवावी.

कृत्रिम बुद्धिमत्ता आल्यावर या माणसांची गरज उरेल?

जिथे संगीत नुसतं भरायला हवं असतं, तिथे यंत्र आधीच शिरलं आहे: जाहिरातीखालचा ठेका, माहितीपटाखालचे सावकाश सूर, तयार संगीताच्या साठ्यातले तुकडे. रचनाकारांच्या संस्थांचा जागतिक संघ सिसॅक याने २०२४च्या अखेरीस प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात, २०२८ सालापर्यंत संगीत रचनाकारांच्या उत्पन्नाचा २४ टक्के भाग धोक्यात येईल असा अंदाज मांडला आहे.

मला काळजी वाटते ती वरच्या पायरीची नाही. सर्वजयेच्या तोंडातला आवाज काढून तिथे तारशहनाई ठेवायची, हे सुचण्यासाठी त्या दृश्याचं दुःख कळावं लागतं आणि दिग्दर्शकाशी त्यावर बोलावं लागतं. धोका खालच्या पायऱ्यांना आहे. जिंगल, साठ्याचं संगीत, मोठ्या संगीतकाराच्या स्टुडिओत क्यूंची जुळवाजुळव, हीच शिकण्याची ठिकाणं होती. भाटिया, विल्यम्स अशाच ठिकाणी घडले. ही कामं यंत्राला गेली तर वीस वर्षांनी अनुभवी संगीतकार येणार कुठून, हा प्रश्न निर्मात्यांनीही स्वतःला विचारायला हवा.

यात एक कायदेशीर खोच आहे आणि ती निर्मात्यांना आत्ताच टोचते आहे. अमेरिकेच्या कॉपीराइट कार्यालयाने जानेवारी २०२५च्या अहवालात म्हटलं आहे की यंत्राला नुसती सूचना देऊन मिळालेल्या निर्मितीला कॉपीराइट मिळत नाही, माणसाचा निर्मितीत पुरेसा हात लागतो. म्हणजे असं संगीत लावलेल्या सिनेमाचं संगीत निर्मात्याच्या मालकीचं ठरेलच असं नाही, आणि कुणी ते उचलून वापरलं तर त्याला अडवणं कठीण.

या क्षेत्रात येऊ पाहणाऱ्यांनी सही करण्याआधी करारात चार गोष्टी शोधाव्यात. रॉयल्टीतला रचनाकाराचा वाटा शाबूत आहे का? ठोक रकमेत किती बदल धरले आहेत आणि त्यापुढच्या बदलांचे पैसे वेगळे मिळणार आहेत का? आपण दिलेले वेगवेगळे थर यंत्राच्या प्रशिक्षणासाठी वापरायची मुभा त्यात लिहून घेतली आहे का? आणि क्यू शीट कोण भरणार, कधी, आणि तिची प्रत आपल्याला मिळणार का? चौथ्या प्रश्नाचं उत्तर 'आम्ही बघून घेऊ' असं आलं, तर तो तक्ता स्वतः भरून निर्मात्याकडे पाठवावा आणि पोहोच घ्यावी.